कारकीर्द मोजायची ती प्रयोगागणिक: एका रंगकर्मी बाईंच्या संग्रहाच्या कामाच्या नोंदी

काम असं आहे. एका ज्येष्ठ रंगकर्मी बाईंचा (यापुढे 'ताई') साधारण पन्नास वर्षांचा ऐवज नोंदवून त्याच्या डिजिटल प्रती करायच्या. अभिनय, दिग्दर्शन, प्रकाशयोजना, पार्श्वसंगीत, बाहुल्या, बालनाट्य शिबिरं असं सगळं त्यांनी केलं आहे, आणि एकाच नाटकात यातली दोन-तीन कामं नेहमीची. ऐवज म्हणजे लोखंडी ट्रंका, खोकी, एक गोदरेजचं कपाट आणि माळ्यावरचं गाठोडं. असंच काम हाती घेणाऱ्यांना वेळ आणि पैसा कुठे जातो हे आधी कळावं, म्हणून या नोंदी.

२ जून २०२४

ट्रंका उघडण्याआधी प्रत्येकीचे वरून आणि चारी बाजूंनी फोटो. आतला क्रमही नोंदवायचा, कारण कुठला कागद कशाच्या शेजारी होता यावरून पुढे तारखा लागतात. एका ट्रंकेतले कागद विषयवार गठ्ठ्यांत लावले गेले आणि मूळ क्रम कायमचा गेला. 'हँडबिलं एकीकडे, पत्रं एकीकडे' ही लावालावी शेवटी करायची, तीही फक्त संगणकावर. कागद सापडला त्याच क्रमाने फोल्डरमध्ये राहिला पाहिजे.

टाचण्या आणि स्टेपल गंजलेल्या आहेत. बोटाने उचकटल्या की कागद फाटतो. पातळ, बोथट पात्याने पाय सरळ करून मागून ढकलायच्या. सेलोटेप ओढायची नाही. ती सुटत नसेल तर आहे तशी स्कॅन करायची. फोटोच्या मागे बॉलपेन चालवायचं नाही, पुढच्या बाजूला ठसा उठतो. मऊ पेन्सिलीने, कडेला, फक्त क्रमांक.

९ जून

कसर. संहितांच्या वह्यांत आणि कात्रणांत जिवंत सापडली. डांबराच्या गोळ्या आधीपासून होत्या, त्यांचा वास कागदाला धरलाय आणि किडे तसेच आहेत. कागद जाड पॉलिथिनमध्ये हवा काढून बंद केले, सांध्यावर चिकटपट्टी लावली आणि उणे १८ अंशांच्या डीप फ्रीझरमध्ये दोन आठवड्यांसाठी ठेवले. बाहेर काढल्यावर पिशवी लगेच उघडायची नाही. पूर्ण दिवस खोलीत ठेवायची, नाहीतर थंड कागदावर पाणी धरतं. फोटो, निगेटिव्ह, ध्वनिफिती, व्हिडिओ कॅसेटी यांतलं काहीही फ्रीझरमध्ये घालायचं नाही.

पावसाळ्यात हे काम सुरू करू नये. खोलीतली आर्द्रता ७५ टक्क्यांच्या वर राहते आणि ५५ च्या खाली आणल्याशिवाय बुरशी थांबत नाही. आर्द्रता शोषणारं यंत्र भाड्याने आणलं. सिलिका जेलच्या पुड्या बंद डब्यात उपयोगी, उघड्या कपाटात कुचकामी.

१६ जून

नोंदींचा पहिला तक्ता मोडीत काढला. रकाने होते: नाटक, लेखक, दिग्दर्शक, संस्था, वर्ष, ताईंचं काम. सरळ दिसतं, पण या तऱ्हेच्या कारकिर्दीला लागू पडत नाही. एकाच नाटकात ताई आधी नटी, मग मूळ दिग्दर्शक सोडून गेल्यावर दिग्दर्शक, आणि दौऱ्यावर प्रकाशयोजनाकार न आल्यामुळे डिमरवर (दिव्यांचा उजेड कमी-जास्त करणाऱ्या यंत्रावर). 'ताईंचं काम' या रकान्यात स्वल्पविराम घालत गेलो की कोणतं काम कधी ते दिसेनासं होतं. 'वर्ष' हा रकाना तर सरळ खोटा, कारण नाटक सात वर्षं चाललं.

आता तीन तक्ते आहेत. निर्मिती: नाटक, संस्था, भाषा, पहिला प्रयोग. तेच नाटक दुसऱ्या संस्थेने उचललं की नवी निर्मिती. प्रयोग: तारीख, वेळ, नाट्यगृह, गाव, स्पर्धेचा की तिकिटाचा की कॉन्ट्रॅक्ट शो (ठरावीक रकमेला विकलेला प्रयोग). सहभाग: कोण, कोणतं काम, कोणत्या प्रयोगापासून कोणत्या प्रयोगापर्यंत, आणि हे कशावरून. शेवटचा रकाना सक्तीचा, आणि तिथे तीनच शब्द चालतील: पक्कं, तर्काने, ऐकीव.

निर्मिती वेगळी का मोजायची याचं सगळ्यांना माहीत असलेलं उदाहरण 'घाशीराम कोतवाल'. पहिला प्रयोग १६ डिसेंबर १९७२ ला पुण्यात भरत नाट्य मंदिरात झाला, प्रोग्रेसिव्ह ड्रॅमॅटिक असोसिएशनतर्फे. १९७४ पासून तेच नाटक थिएटर अकॅडमीचं. दिग्दर्शक जब्बार पटेल, संगीत भास्कर चंदावरकर, नृत्यं कृष्णदेव मुळगुंद, सगळं तेच, संस्था बदलली. एका ओळीत हे बसवलं तर दोन्हींपैकी एका संस्थेवर अन्याय होतो.

२३ जून

खरा ऐवज भरण्याआधी तक्ते एका जगजाहीर कारकिर्दीवर चालवून पाहिले. हबीब तनवीर निवडले: नट, दिग्दर्शक, नाटककार, शायर, गाणी रचणारे, पत्रकार. आपल्याकडचा धागाही आहे. नागपूरच्या मॉरिस कॉलेजातून पदवी, १९४५ पासून मुंबईत आकाशवाणी आणि इप्टा (भारतीय जननाट्य संघ).

तक्ते तीन ठिकाणी अडले, आणि तिन्ही दुरुस्त्या पुढे ताईंच्या कामात लागल्या.

पहिली अडचण भाषेची. १९५४ चं 'आगरा बाज़ार' दिल्लीत जामिया मिलियाचे विद्यार्थी आणि ओखल्याचे गावकरी घेऊन झालं. १९५८ च्या 'मिट्टी की गाड़ी'त छत्तीसगढचे लोककलावंत आले. नया थिएटर १९५९ चं. पण नट आपल्या बोलीत मोकळेपणाने बोलू लागले ते १९७३ च्या 'गाँव के नाम ससुराल, मोर नाम दमाद'च्या सुमाराला. म्हणजे 'भाषा' हा रकाना नाटकाला नसून निर्मितीला हवा, आणि त्यात दोन भाषा मावायला हव्यात.

दुसरी अडचण माध्यमाची. 'चरणदास चोर' १९७५ चं, विजयदान देथांनी सांगितलेल्या लोककथेवरचं. त्याच वर्षी श्याम बेनेगलांचा त्यावरचा चित्रपट आला. एडिंबराच्या महोत्सवात 'फ्रिंज फर्स्ट' पारितोषिक मिळालं ते १९८२ मध्ये, तेव्हा नाटक सात वर्षांचं होतं. सन्मान निर्मितीला जोडला की तो १९७५ च्या ओळीत जाऊन बसतो. तो प्रयोगाला जोडायचा. चित्रपट ही वेगळी निर्मिती, 'आधार' म्हणून मूळ निर्मितीचा क्रमांक द्यायचा.

तिसरी, रंगभूमीबाहेरचं काम. १९७२ ते १९७८ ते राज्यसभेत होते. हे नोंदवायला जागाच नव्हती, आणि नोंदवलं नाही तर या वर्षांतल्या तारखांचा अर्थ लागत नाही. 'इतर' नावाचा चौथा तक्ता जोडला. ताईंच्या बाबतीत तिथे शाळेतली नोकरी, आजारपण, बाळंतपण असं जातं. स्त्री रंगकर्मींची कारकीर्द नोंदवणाऱ्यांनी हा तक्ता टाळू नये. दोन हंगामांची पोकळी 'काम नव्हतं' अशी वाचली जाते, आणि ते खरं नसतं.

७ जुलै

स्कॅनिंग. याबद्दल थोडक्यात, कारण हे सोपं आहे, फक्त कंटाळवाणं. फोटो ६०० डीपीआयला (इंचाला ६०० ठिपके), टिफ फाइलीत. पाच बाय सातचा रंगीत फोटो ३८ एमबीच्या आसपास होतो. ३५ मिमी निगेटिव्ह ३२०० ला, म्हणजे चौकट साधारण ४५०० बाय ३००० पिक्सेल. स्कॅनरची धूळ काढण्याची इन्फ्रारेड सोय कृष्णधवल निगेटिव्हवर बंद ठेवायची. फिल्ममधली चांदी तिला धूळ वाटते आणि चेहऱ्यांवर डाग पडतात.

हँडबिलांवरच्या छापील फोटोंत जाळी उठते. ती घालवणारी सोय मूळ फाइलवर वापरायची नाही, वाटायच्या प्रतीवरच.

चिकट पानांच्या अल्बममधून फोटो उपटायचे नाहीत. दात साफ करायचा मेण नसलेला दोरा फोटोच्या मागून करवतीसारखा सावकाश फिरवला तर बहुतेक सुटतात. न सुटले तर पानासकट कॅमेऱ्याने घ्यायचे: दोन दिवे ४५ अंशांत, प्लास्टिकचा पडदा उचलून.

प्रत्येक चौकटीत पट्टी ठेवायची. नेपथ्याच्या आराखड्यांना तर हवीच. आलेखाच्या कागदावर अर्धा इंच म्हणजे एक फूट असं प्रमाण असतं आणि झेरॉक्सने ते बिघडतं.

१४ जुलै

हँडबिलांवर वर्ष नसतं. 'शनिवार दि. १४ फेब्रुवारी, रात्रौ ९ वाजता' एवढंच. छापणाऱ्याला आणि बघणाऱ्याला वर्ष माहीत होतं, लिहायचं कशाला! सगळ्यात जास्त वेळ इथे गेला, म्हणून पद्धत सविस्तर.

आधी वार आणि तारखेची जोडी. १४ फेब्रुवारीला शनिवार १९७०, १९७६, १९८१, १९८७ आणि १९९८ मध्ये येतो. ताईंची सुरुवात १९६८ ची आणि नाटकाची धाव लक्षात घेता १९७० च्या आधीची आणि १९९८ नंतरची वर्षं बाद. आता चाळण्या लावायच्या. पत्त्यात पिनकोड आहे. पिनकोड १५ ऑगस्ट १९७२ पासून, म्हणजे १९७० गेलं. नाट्यगृह जुहूचं पृथ्वी, ते नोव्हेंबर १९७८ मध्ये उघडलं, म्हणजे १९७६ गेलं. उरली १९८१, १९८७, १९९८. पुढचा निर्णय हँडबिलाने होत नाही. हिशेबाच्या वहीत त्या आठवड्याला टेम्पोचं भाडं सापडलं आणि १९८१ पक्कं झालं.

नाट्यगृहांच्या तारखा एका पानावर लिहून भिंतीला लावल्या. पुण्याचं बालगंधर्व रंगमंदिर २६ जून १९६८. दादरचं शिवाजी मंदिर १९६५. दादरच्या छबिलदास शाळेतले 'आविष्कार' संस्थेचे प्रयोग १९७४ पासून. मुंबईतलं एनसीपीएचं टाटा थिएटर १९८०. यांच्या आधीची तारीख निघाली तर तर्क चुकलाय, परत वार मोजायचा.

पैशावरूनही लागतं. 'न. पै.' (नये पैसे) असेल तर १ एप्रिल १९५७ नंतरचं. 'नया' हा शब्द जून १९६४ मध्ये अधिकृतपणे गेला, पण छापखान्यांचे ठसे तसेच राहिले, म्हणून वरची मर्यादा कडक धरायची नाही. 'दूरदर्शन कलाकार' असं नावापुढे असेल तर मुंबई केंद्र सुरू झालं त्या २ ऑक्टोबर १९७२ नंतरचं. बॉम्बेचं मुंबई कधी झालं ही कसोटी मराठी हँडबिलांना लागत नाही, आपण आधीपासून मुंबईच छापतो. ती इंग्रजी प्रसिद्धीपत्रकांसाठी ठेवायची.

शके असेल तर चैत्रापासून डिसेंबरपर्यंत ७८ मिळवायचे, जानेवारीपासून फाल्गुनअखेर ७९. 'माघ शु. ५ शके १८९२' हे १९७१ चं आहे, १९७० चं नाही. आधीच्या नोंदींत हे एकेका वर्षाने मागे गेलं होतं, सगळं परत तपासलं.

२८ जुलै

हँडबिलावर नाव आहे म्हणजे ती व्यक्ती त्या रात्री मंचावर होती, असं मुळीच नाही. हँडबिलं हजारांनी छापून ठेवत आणि तारीख-वाराची जागा कोरी सोडून ती वेगळी छापत किंवा रबरी शिक्क्याने उमटवत. पात्रयादी मात्र वर्षभर तीच. बदली नट आला तर ध्वनिक्षेपकावरून सांगत, तिसऱ्या घंटेआधी. कागदावर काहीच येत नाही.

हिशेबाच्या वहीत मात्र येतं. वहीत दर प्रयोगाला एक पान: नाट्यगृहाचं भाडं, जाहिरात, टेम्पो, चहा-नाश्ता, इस्त्री आणि खाली 'नाईट', म्हणजे त्या प्रयोगाचं मानधन. नाईट ज्याच्या नावावर पडली तो आला होता. ज्याचं नाव खोडून दुसरं लिहिलंय तो आला नव्हता. दोन पानं पुढे तेच नाव परत. ताईंच्या नावापुढे काही पानांवर दोन आकडे आहेत, एक अभिनयाचा आणि एक 'लाईट'. त्या रात्री त्या पहिल्या अंकानंतर मोकळ्या होऊन डिमरवर बसत. मुलाखतीत, कात्रणांत, हँडबिलावर, कुठेच हे नव्हतं. त्यांनी प्रकाशयोजना 'कधीमधी' केली असं सगळे म्हणत होते, त्या स्वतःसुद्धा. वही वेगळं सांगते: एका निर्मितीचे निम्म्याहून अधिक प्रयोग.

म्हणून आता 'पक्कं' हा शिक्का फक्त त्या रात्रीच्या कागदाला: हिशेबाचं पान, नाट्यगृहाची पावती, रेल्वेच्या सवलतीसाठी दिलेली मंडळींची यादी. हँडबिल 'तर्काने'. वर्तमानपत्रातलं परीक्षण त्या एका प्रयोगापुरतं पक्कं, पण परीक्षणाची तारीख प्रयोगाची नसते, आठ-दहा दिवस नंतरची असते.

हौशी आणि प्रायोगिक नाटकांना नाईट नाही, त्यामुळे वही नाही. राज्य नाट्यस्पर्धेसाठी संस्थेने भरलेला अर्ज मिळाला तर त्यात तंत्रज्ञांची नावं असतात. तो अर्जही प्रयोगाच्या आधीचा, हे विसरायचं नाही. तालमीची हजेरी आणि प्रॉम्प्टरच्या प्रतीतली अक्षरं जास्त कामाची. प्रॉम्प्टरच्या प्रतीत अक्षर बदललं की माणूस बदललाय.

१० ऑगस्ट

परवा, ८ तारखेच्या रात्री, कोल्हापूरचं केशवराव भोसले नाट्यगृह जळालं. शाहू महाराजांनी बांधलेलं, १९१५ चं.

आमच्या दोन्ही डिस्क एकाच कपाटात होत्या. आजच एक दुसऱ्या गावी गेली. तिसरी प्रत भाड्याच्या क्लाऊडवर, फक्त कागद आणि ध्वनी, व्हिडिओ नाही, परवडत नाही. प्रत केली म्हणजे झालं असंही नाही. दर फाइलीचा चेकसम (फाइलीतल्या मजकुरावरून संगणकाने काढलेला ओळखीचा आकडा) काढून यादी ठेवायची आणि नव्या डिस्कवर परत काढून ताडायची. पहिल्याच ताडणीत एका फोल्डरमधल्या फाइली अर्धवट उतरलेल्या निघाल्या. यूएसबीची वायर सैल होती. उघडून बघितलं असतं तर कळलं नसतं, कारण लहान चित्र व्यवस्थित दिसत होतं.

फाइलींची नावं रोमन अक्षरं आणि आकड्यांत. देवनागरी नावं संगणकावर नीट दिसतात, पण जुन्या यंत्रावर झिप उघडली की चौकोन होतात.

२५ ऑगस्ट

पाव इंची स्पूल. पार्श्वसंगीताचे. यांना हात लावण्याआधी दोन गोष्टी बघायच्या. वास: व्हिनेगरसारखा आंबट आला तर फीत अ‍ॅसिटेटची आणि कुजायला लागलेली. उजेड: स्पूल दिव्यापुढे धरला आणि फितीच्या थरांतून उजेड आरपार दिसला तर अ‍ॅसिटेट, नाही दिसला तर बहुधा पॉलिएस्टर.

हा फरक महत्त्वाचा, कारण १९७० नंतरच्या पाठीवर लेप दिलेल्या पॉलिएस्टर फिती ओल पिऊन चिकट होतात, वाजवताना किंचाळतात आणि हेडवर तपकिरी लगदा सोडतात. त्यांना ५४ अंश सेल्सियसला सुमारे आठ तास शेकतात, मग तितकाच वेळ थंड होऊ देतात. त्यानंतर काही आठवडे त्या नीट वाजतात, तेवढ्यात काम उरकायचं. अ‍ॅसिटेट शेकली तर संपली. आम्ही भाज्या वाळवायचा विजेवरचा ड्रायर वापरला, साडेपाच हजार रुपये. त्याच्या बटणावरचा आकडा आणि आतलं तापमान यांत सात अंशांचा फरक निघाला, म्हणून आत वेगळा तापमापक ठेवायचाच. मायक्रोवेव्ह किंवा केकचा ओव्हन नको.

नाटकाच्या स्पूलची आणखी एक खोड. त्यात गाणं सलग नसतं, क्यू (ठरलेल्या जागी वाजवायचे तुकडे) असतात: पाऊस, दाराची कडी, सनईचा तुकडा, आणि मध्ये पांढरी लीडर फीत, म्हणजे कोरा तुकडा. दर क्यूला दोन जोड. जोडांचा डिंक वाळलाय. पहिलाच स्पूल भरभर गुंडाळला आणि जोड एकामागून एक सुटून जमिनीवर तुकड्यांचा ढीग झाला. कोणता पाऊस कोणत्या अंकातला? क्यूशीटवरच्या सेकंदांवरून क्रम लावता आला, पण दोन तुकड्यांची जागा अजून 'तर्काने'च आहे. आता नियम: फास्ट फॉरवर्ड नाही. एकदाच, सावकाश, वाजवतानाच डिजिटल करायचं. जोड सुटला की थांबून दोन्ही टोकांच्या लीडरवर पेन्सिलीने क्रमांक घालायचा आणि स्प्लायसिंग टेपनेच जोडायचं.

९६ किलोहर्ट्झ, २४ बिट. स्टिरिओला तासाला २ जीबीच्या थोडं वर.

८ सप्टेंबर

वेग. डब्यावर साडेसात (सेकंदाला इंच) लिहिलेलं, फीत पावणेचारने ध्वनिमुद्रित झालेली. असं उलटंपालटं बरंच आहे, कारण फीत महाग होती आणि डबा पुन्हा वापरत. दुप्पट वेग कानाला कळतो. तीन-चार टक्क्यांचा फरक कळत नाही, आणि तोच नेमका त्रास देतो. सुरुवातीच्या कॅसेटींची एक खेप अशीच वेगात उतरली होती. ती सगळी परत केली.

तपासायच्या तीन खुणा. विजेची गुणगुण: आपल्याकडे ५० हर्ट्झ, ध्वनीचा आलेख काढला की तळाशी बारीक रेघ दिसते. ती ५२ वर असेल तर यंत्र चार टक्के पळतंय. मात्र त्या काळी ग्रिडची वारंवारताच खालीवर होई, म्हणून ही खूण एकटी पुरत नाही. दुसरी पेटीचा सूर: गायिका काळी चारमध्ये गायची हे माहीत असेल आणि तिच्या वरची पांढरी सहा लागत असेल तर कॅसेट पळतेय. तिसरी क्यूशीट: 'प्रवेश ४, सनई ४० से.' आणि फाइलीत ३८ असेल तर बाकी दोन खुणांकडे वळायचं.

कॅसेट डेकचे रबरी पट्टे डांबरासारखे वितळलेले होते. पट्टे आणि मजुरी अठराशे. कॅसेटच्या आतली फेल्टची गादी गळून पडलेली असते, तेव्हा स्क्रूवाली चांगली जुनी कॅसेट घेऊन फीत तिच्या कवचात बसवायची. हेडचा कोन प्रत्येक कॅसेटला बारीक पेचकसाने जुळवावा लागतो, सर्वांत तीव्र आवाज मिळेपर्यंत.

२२ सप्टेंबर

व्हीएचएस. खिडकीतून फितीच्या कडेला पांढरी भुकटी दिसली की बुरशी. ती कॅसेट चांगल्या यंत्रात घातली की यंत्र बाधतं आणि पुढच्या सगळ्या कॅसेटी. बुरशीच्या कॅसेटी बाहेर दिल्या. हे घरी करू नये.

चांगल्या कॅसेटी ७२० बाय ५७६, इंटरलेस्ड (एकाआड एक ओळींची चौकट) तशीच ठेवून, लॉसलेस (दर्जा न घटवता दाबून). अजिबात न दाबता केलं तर तासाला ७५ जीबी लागतात. लॉसलेसने त्याच्या निम्म्याहून कमी. डीइंटरलेस फक्त बघायच्या प्रतीत.

मिनी-डीव्ही हे मुळातच डिजिटल. फायरवायरने (कॅमेरा संगणकाला जोडायच्या जुन्या वायरने) जशीच्या तशी उतरवायची, तासाला १३ जीबी. फायरवायरचं भोक असलेला चालू लॅपटॉप मिळवणं हेच मुख्य काम. एलपी मोडच्या (जास्त वेळ मावावा म्हणून मंद वेगाने घेतलेल्या) कॅसेटी आमच्या कॅमेऱ्यात चौकोन-चौकोन होऊन दिसतात. ज्या कॅमेऱ्याने घेतल्या त्यातच त्या धड चालण्याची शक्यता.

६ ऑक्टोबर

प्रकाशाच्या क्यूशीट. 'डि. ४ – ६ – "दार लाव" ला' यातला चार हा त्या नाट्यगृहातला डिमर. दुसऱ्या गावी तोच स्पॉट सातवर. म्हणून जोडणीचं पान सापडल्याशिवाय क्यूशीट वाचताच येत नाही. ही पानं बहुतेक पाकिटांच्या मागच्या बाजूला, सिगरेटच्या खोक्यांच्या पुठ्ठ्यावर वगैरे लिहिलेली. कचरा समजून बाजूला काढलेलं एक खोकं परत आणलं.

दिव्यांपुढे लावायच्या रंगीत जिलेटिनचे नुसते क्रमांक निरुपयोगी, कारण कंपनीगणिक क्रमांक वेगळे. तुकडा सापडला तर पांढऱ्या कागदावर ठेवून स्कॅन करायचा, आणि तो विटलेला आहे हे लिहायचं.

संहिता नव्याने टंकलिखित करायच्या नाहीत, असं ठरलं. कार्बन प्रतीवर ओसीआर (चित्रातली अक्षरं ओळखणारी सोय) चालत नाही. अर्धी अक्षरं सुटतात, रफार उडतात. १९९० नंतरच्या संहिता फ्लॉपी आणि सीडीवर जुन्या, युनिकोड नसलेल्या फाँटांत आहेत. रूपांतर होतं, पण 'ऱ्या' आणि पहिली वेलांटी हटकून बिघडते. या दोन गोष्टी शोधून हाताने दुरुस्त केल्या की बाकीचं चालतं. नाटकं तपासून परवानगी देणाऱ्या परिनिरीक्षण मंडळाच्या शिक्क्याची प्रत असेल तर तीही वेगळी स्कॅन करायची. मंडळाने खोडलेली वाक्यं फक्त तिथेच वाचायला मिळतात, आणि प्रॉम्प्टरच्या प्रतीशी ताडली की ती प्रत्यक्षात गाळली होती की नाही तेही.

२० ऑक्टोबर

मुलाखती. 'हे कधीचं?' हा प्रश्न बाद. उत्तर ठाम मिळतं आणि बहुतेक वेळा चुकीचं असतं. वस्तू हातात द्यायची आणि 'ही साडी कुणाची?', 'मागे नेपथ्याचा फ्लॅट धरून कोण उभं आहे?' असं विचारायचं. साडी शेजारणीची निघते, शेजारीण त्या वर्षी सोडून गेलेली असते, आणि तारीख आपोआप लागते. एका बैठकीत तासापेक्षा जास्त नाही. पंखा बंद, कॉलर माइक, ४८ किलोहर्ट्झ. फोटोचा क्रमांक प्रत्येक वेळी मोठ्याने उच्चारायचा, नाहीतर ध्वनिमुद्रणात 'हा बघ, हा तो' एवढंच उरतं.

ताईंनी तिसऱ्या बैठकीत हिशेबाची वही पाहिली आणि लाईटचा आकडा वाचून म्हणाल्या, "माणूस आला नाही की बसायचं डिमरवर, त्याला काय काम म्हणतात होय?" हे वाक्य 'सहभाग' तक्त्याच्या शेऱ्यात गेलं. आकडा बदलला नाही.

१० नोव्हेंबर

नावं. एकाच नटीची तीन: कु. आणि माहेरचं, सौ. आणि सासरचं, पुढे परत माहेरचं. तिन्ही वेगळ्या व्यक्ती म्हणून भरल्या गेल्या होत्या. बॅकस्टेजची मंडळी वहीत 'अण्णा', 'बाळू', 'बाळू (छोटा)' अशी. आता प्रत्येक व्यक्तीला क्रमांक, आणि क्रमांकाखाली सगळी नावं, कागदावर जशी आहेत तशी. शुद्धलेखन सुधारायचं नाही. दोन बाळू एकच आहेत असं वाटलं तरी कागद मिळेपर्यंत एकत्र करायचं नाही. जोडलेले क्रमांक परत सोडवणं फार जिकिरीचं.

२४ नोव्हेंबर

हक्क. ऐवज ताईंचा, पण त्यातलं बरंच दुसऱ्यांचं. संहितेचा हक्क लेखकाच्या निधनानंतर ६० वर्षं. पत्राचा कागद ताईंचा, मजकूर लिहिणाऱ्याचा. निगेटिव्ह हातात आहे म्हणून फोटो छापता येत नाही. प्रयोगाच्या ध्वनिमुद्रणात प्रत्येक कलावंताचा हक्क ५० वर्षं, पुढच्या कॅलेंडर वर्षाच्या सुरुवातीपासून मोजून. म्हणून तीन पातळ्या: यादी सगळ्यांना खुली, फोटो आणि हँडबिलं मागितल्यावर, ध्वनी-व्हिडिओ जागेवर येऊन. ताईंकडून लेखी संमती घेतली आहे, त्यात कुठली पत्रं कधी उघडायची तेही.

८ डिसेंबर

माळ्यावरचं गाठोडं शेवटी उघडलं. बाहुल्या. एका बालनाट्यासाठी चामड्याच्या छायाबाहुल्या केल्या होत्या, कुडाळजवळच्या पिंगुळीतल्या बाहुल्या बघून. प्लास्टिकमध्ये गुंडाळल्यामुळे दोन एकमेकींना चिकटल्यात. जबरदस्तीने सोडवायच्या नाहीत. बाकीच्या धुतलेल्या सुती कापडाच्या थरांमध्ये सपाट ठेवल्या, वर हलकं वजन. फोटो दोनदा: एकदा समोरून उजेड टाकून, एकदा पडद्यामागून, कारण रंग फक्त आरपार उजेडात दिसतात. काड्यांचे सांधे कुठल्या बाजूला वळतात तेही लिहायचं. बाहुली चालवणाऱ्याचा हात कुठे होता ते त्यावरून कळतं.

आतापर्यंतचा खर्च: दोन ४ टीबी डिस्क साधारण वीस हजार, ड्रायर, डेकची दुरुस्ती, आम्लविरहित फोल्डर, बाहेर दिलेल्या व्हीएचएस आणि चार महिन्यांचं यंत्रभाडं मिळून पन्नास हजारांच्या घरात. त्यात कुणाचाही पगार धरलेला नाही. तासाभराच्या फितीला सगळं धरून तीन तास लागतात, हे अनुदानाच्या अर्जात आधीच लिहावं.

बाकी: चिकटलेल्या बाहुल्यांसाठी चामड्याचं जतन करणारी व्यक्ती. एलपी मोडच्या कॅसेटींसाठी जुना कॅमेरा. १९७७ ते १९७९ ची हिशेबाची वही सापडलेली नाही, तोवर त्या वर्षांतले सगळे सहभाग 'तर्काने'.